पुढच्या डोळ्यावरचा अंगठा

१

करंटताईला तिच्या खऱ्या नावाने हाक मारणारं गॅरेजात कुणी उरलं नव्हतं. कामाला लागली त्या पहिल्याच आठवड्यात तिने चालू इंजिनच्या प्लगची वायर हातात धरली होती. किंचाळली नाही, पळाली नाही, नुसती म्हणाली, "आहे, करंट आहे." बारसं तिथेच झालं. त्याला आता बावीस वर्षं झाली.

इंजिन बघणारे मिस्त्री वेगळे, पत्रा ठोकणारे वेगळे. वायरीचं जे जे काही, ते तिच्याकडे. आणि आपोआप काळे होणारे आरसे म्हणजे तर तिची मिरासदारी. गिऱ्हाइकाने विचारलं की ती हातातलं काम न थांबवता सांगायची, "दोन काचा, मध्ये जेलीचा पातळ थर. वीज दिली की थर काळपट निळा होतो, काढली की निवळतो. आरशाला दोन डोळे असतात. पाठीवरचा डोळा समोरच्या काचेतून बाहेर बघतो, अंधार पडलाय का म्हणून. दुसरा तुमच्या बाजूला, तो मागच्या गाडीचे दिवे बघतो. पुढे अंधार, मागे उजेड, असं दोघांचं एकमत झालं की आरसा काळा होतो. संसारासारखं आहे, एकट्याच्या म्हणण्यावर पान हलत नाही."

भरदिवसा हा आरसा तपासायचा तर पुढच्या डोळ्याला फसवावं लागतं. बाकीचे लोक त्यावर काळी पट्टी चिकटवतात. करंटताई अंगठा ठेवायची, कारण मोठे मिस्त्री अंगठा ठेवायचे.

मोठे मिस्त्री म्हणजे तिचे गुरू. ते चालवणाऱ्याच्या सीटवर बसत, उजवा अंगठा पुढच्या डोळ्यावर दाबत आणि समोर बघत म्हणत, "लाव गं." ती मागच्या सीटवरून टॉर्च लावायची आणि म्हणायची, "लावला, मिस्त्री." आरसा काळा झाला की ते म्हणत, "हं. बंद कर, सेल फुकटचे नाहीत." इतक्या वर्षांत एकदाही त्यांनी मागे वळून पाहिलं नाही की पोरीने टॉर्च नीट धरलाय की नाही. आरशात दिसतंय तेवढं पुरे, असं त्यांचं म्हणणं.

त्यांना जाऊन दीड वर्ष झालं होतं. आता ती टॉर्च मागच्या सीटच्या डोक्याला बांधायची आणि एकटीच अंगठा धरून बसायची. "लाव" म्हणायची सवय मात्र सुटली नव्हती. रिकाम्या गाडीत तोंडातून शब्द निघून जायचा आणि तिचं तिलाच हसू यायचं.

२

गुरुवारी सकाळी तिची लेक गाडी घेऊन आली. गाडी जुनीच, दोन महिन्यांपूर्वी घेतलेली. तिच्यात आपोआप काळा होणारा आरसा आईने स्वतःच्या हाताने बसवून दिला होता. लेक घरोघरी जाऊन म्हाताऱ्या माणसांकडून व्यायाम करून घ्यायची, आणि सोमवारपासून तिला शहराबाहेरचं मोठं काम मिळालं होतं. रोज हमरस्त्यावरून जाऊन येऊन ऐंशी किलोमीटर.

"आई, तुझा आरसा दिवसाढवळ्या झोपतोय."

"आरसा झोपत नाही. चालवणारा झोपतो."

"थट्टा नको गं. चांगलं ऊन असतं आणि मध्येच काळा होतो. काल मागून ट्रक येत होता, मला दिसलाच नाही. रिव्हर्स टाकला की मात्र साफ होतो."

"रिव्हर्सला साफ व्हायलाच पाहिजे, त्याची वेगळी वायर आहे. बघते मी. तू चहा पी."

करंटताईला पहिली शंका आली ती पट्टीची. पुढच्या डोळ्यावर काही चिकटलं असेल तर आरशाला कायमची रात्र वाटते, आणि मागून साधं ऊन आलं तरी तो काळा होतो. तिने समोरच्या काचेवर वाकून बाहेरून आरशाची पाठ पाहिली. पट्टी नव्हती. डोळ्याच्या इवल्याशा भिंगावर बोटाचा तेलकट ठसा होता.

तिचाच असणार, दुसऱ्या कुणाचा? बसवताना तिनेच तर अंगठा दाबला होता. तिने आत शिरून फडक्याने ठसा पुसला, टॉर्च बांधला, तपासणी केली. आरसा शहाण्यासारखा काळा झाला, शहाण्यासारखा निवळला.

"तेलाचा डाग होता," ती लेकीला म्हणाली. "माझीच चूक."

"तुझी चूक? लिहून दे," लेक म्हणाली आणि हसत गाडीत बसली.

३

शुक्रवारी लेक परत आली तेव्हा ती हसत नव्हती.

करंटताईने काही न विचारता वाकून पाहिलं. ठसा होता. कालच्या जागीच, ताजा, ओला वाटावा इतका ताजा.

"तू हात लावलास?"

"मी कशाला लावू? माझा हात तिथे पोचतो का?"

हात पोचला असता, पण लेक खोटं बोलत नव्हती, हे आईला कळत होतं. तिने भिंग काढलं, डब्यातलं, बारीक स्क्रू शोधायचं. ते स्वतःच्या डोळ्याला लावून ठसा पाहिला आणि मग बराच वेळ सरळ उभी राहिली नाही. ठशाच्या रेषा दोन भागांत विभागल्या होत्या. मधून वरपासून खालपर्यंत एक कोरी चीर गेली होती.

तिने स्वतःचा अंगठा पाहिला. धड होता. लेकीचा पाहिला. मऊ, गोल, लहानपणी ती चोखायची तसाच.

असा अंगठा तिने एकच पाहिला होता. मोठ्या मिस्त्रींचा. तरुणपणी बॉनेट पडून त्यांच्या उजव्या अंगठ्याच्या नखाचे आणि खालच्या मांसाचे दोन भाग झाले होते. जखम भरली, चीर राहिली. "माझी सही अशीच," असं ते म्हणायचे.

"आई, काय झालं?"

"काही नाही. काचेवर ओरखडा दिसतोय." आणि असूही शकतो, तिने स्वतःला बजावलं. भिंगावर बारीक ओरखडा असेल तर कुणाचाही ठसा चिरलेला दिसणार. तिने फडक्याने आरशाच्या डोळ्याचं भिंग पुसलं आणि पुन्हा बघितलं. ओरखडा नव्हता.

त्या दिवशी तिला बारा वर्षांपूर्वीची ती दुपार आठवत राहिली. घाईत तिने अंगठ्याऐवजी पट्टी लावली होती आणि ती तशीच राहिली. गिऱ्हाईक गाडी घेऊन गेलं. भर उन्हात आरसा काळा, मागचं काही दिसेना, लेन बदलताना गाडी दुभाजकावर चढली. माणूस वाचला, पण गॅरेजात येऊन त्याने सगळ्यांसमोर आरडाओरडा केला. पट्टी कुणी लावली? ती हातातली पकड बघत राहिली. मोठे मिस्त्री पुढे झाले आणि म्हणाले, "मी." उभ्या आयुष्यात त्यांनी पट्टीला हात लावला नव्हता, हे गॅरेजातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. त्यांचं मुख्य मिस्त्रीपण गेलं, तिची नोकरी राहिली. लेक तेव्हा शाळेत होती.

संध्याकाळी ते तिला एवढंच म्हणाले, "पट्टी विसरून राहते. अंगठा राहत नाही, तो आपल्याबरोबर घरी येतो."

तिला त्यांचे आभार मानायचे होते. पण त्या दिवशी तोंड उघडलं नाही, आणि मग रोज उद्या म्हणता म्हणता वर्षं गेली. ते दवाखान्यात होते तेव्हाही ती म्हणाली होती, उद्या जाते. तो उद्या उजाडला तेव्हा ते नव्हते.

४

शनिवारी सकाळी अकरा वाजता तिने ठेवून घेतलेली लेकीची गाडी स्वतः बाहेर काढली. ऊन लखलखीत होतं. रस्ता सरळ, दुतर्फा गोदामांच्या लांब भिंती, रहदारी नावापुरती. आरसा स्वच्छ. मागची सीट, मागची काच, मागे सरकत जाणारा रस्ता, सगळं जागच्या जागी.

पाच मिनिटं काही झालं नाही. तिला बरं वाटलं. आपण म्हातारे होत चाललो आणि मनाचे खेळ सुरू झाले, एवढंच, असं ती स्वतःशी म्हणालीसुद्धा.

मग मागच्या सीटची स्प्रिंग कुरकुरली.

जुन्या गाडीच्या स्प्रिंगा कुरकुरतातच, खड्ड्यात जास्त कुरकुरतात. पण रस्त्याला खड्डा नव्हता. तिने आरशात पाहिलं आणि तिच्या डोळ्यांदेखत आरसा कडेकडून मध्याकडे निळा पडत गेला, मग काळपट. सीट दिसेना, रस्ता दिसेना.

पुढे लखलखीत ऊन आहे, तिने मनात हिशोब मांडला. पुढचा डोळा उघडा असेल तर आरसा काळा होऊच शकत नाही. म्हणजे तो उघडा नाही. म्हणजे त्याच्यावर आत्ता, या क्षणी, काहीतरी आहे.

चालवणाऱ्याला आरशाची पाठ दिसत नाही. पण समोरच्या काचेत त्या पाठीचं पुसट प्रतिबिंब पडतं. करंटताईने पायाने ब्रेक दाबला, गाडी कडेला घेतली आणि नजर हळूच काचेकडे वर नेली. आकाशाच्या निळ्यावर आरशाची काळी पाठ तरंगत होती. तिच्यावर, जिथे डोळा असतो तिथे, काहीतरी दाबून धरलेलं होतं. आखूड, रुंद, टोकाला दोन भाग झालेलं. त्याच्यामागे हात होता का, ते तिने पाहिलं नाही. पाहायचं धाडस झालं नाही.

तिने रिव्हर्स टाकला. आरसा निवळू लागला. निवळायला त्याला सहा-सात सेकंद लागतात. ते सहा-सात सेकंद तिने डोळे मिटून काढले. उघडले तेव्हा सीट रिकामी होती आणि काचेत आरशाची पाठ मोकळी होती.

गाडीत जो कुणी होता त्याची तिला जेवढी भीती वाटायला हवी होती तेवढी वाटत नव्हती. भीती दुसरीच होती. मोठे मिस्त्री उगाच कुणाच्या आरशाला हात लावणारे नव्हते. ते काहीतरी तपासत होते, आणि परवा या सीटवर तिची लेक बसणार होती.

५

"एवढं काय त्यात डोकं घालतेस?" गॅरेजचे मालक म्हणाले. "तो आरसा काढ, साधा बसव. विषय संपला. आमच्या वडिलांच्या गाड्यांना काय आपोआप काळे होणारे आरसे होते?"

बोलणं चुकीचं नव्हतं. करंटताईने गाडी आत घेतली, पाठ भिंतीकडे, तोंड शटरकडे. आरशाचा प्लग काढला, आरसा उतरवून समोरच्या टेबलावर ठेवला. तिथे साधा आरसा लावला, पाच मिनिटांचं काम. प्लगचं तोंड चिकटपट्टीने गुंडाळून छतात कोंबलं की झालं. लेकीला फोन करून सांगायचं, घेऊन जा.

तिने टेबलाकडे पाहिलं. काढलेला आरसा काळा होता.

म्हणजे उतरवताना काळा असेल, आता निवळेल. वीज तोडली की जेली निवळतेच, तिला वीज पाहिजेच काळं राहायला. ती बघत उभी राहिली. एक मिनिट गेलं. दोन गेली. मालक फोनवर बोलत बाहेर निघून गेले. पाच मिनिटं झाली. आरसा कोळशासारखा काळा होता आणि त्याला एकही वायर जोडलेली नव्हती.

"वीज येतेय कुठून?" ती स्वतःशीच मोठ्याने म्हणाली.

बोलता बोलता तिच्या लक्षात आलं, हाच प्रश्न मोठे मिस्त्री प्रत्येक गाडीला विचारायचे. दोष दिसतोय तिथे बघू नका, वीज येतेय कुठून ते बघा. वायर मागे मागे न्या. आरशापासून छतात, छतातून खांबात, खांबातून डॅशबोर्डाखाली.

तिने समोरच्या काचेच्या बाजूच्या खांबाचं प्लास्टिकचं आवरण ओढून काढलं.

आधी वास आला. मग दिसलं. तिने स्वतः ओढलेली लाल वायर पत्र्याच्या धारदार कडेवर दाबली गेली होती, वरचं रबर घासून घासून आतली तांब्याची तार उघडी पडली होती आणि भोवतीचा स्पंज तळहाताएवढा जळून काळा झाला होता. बोट लावलं तर भुगा हातात आला. आग लागायला आता एखाद्या गचक्याचाच अवकाश होता. चावी फिरवली की या वायरीत वीज यायची, आरसा लावलेला असो की काढलेला. तिने प्लग गुंडाळून छतात कोंबला असता, तर सोमवारी ही जिवंत वायर लेकीच्या डोक्यावरून ऐंशी किलोमीटर फिरली असती.

पण फ्यूज? तार पत्र्याला टेकताच फ्यूज उडायला हवा होता. तिने डॅशबोर्डाखाली वाकून वायर शेवटपर्यंत नेली आणि खाली बसली ती बसलीच. वायर चावीच्या मागच्या जाड वायरीवर थेट जोडलेली होती. मध्ये फ्यूज नव्हताच. त्या दिवशी फ्यूजचा डबा संपला होता, लेक बाहेर हॉर्न वाजवत होती, आणि ती म्हणाली होती, उद्या बसवते.

उद्या. दुसऱ्याच्या गाडीत तिने हे कधी केलं नसतं. घरच्या गाडीत केलं.

ती तिथेच, गाडीच्या उंबऱ्यावर बसून रडली. मोठ्याने नाही, पण पोटभर. दीड वर्ष साठलेलं होतं, बारा वर्षं साठलेलं होतं.

डोळे पुसून उठली तेव्हा टेबलावरचा आरसा स्वच्छ होता. त्यात गॅरेजचं छत दिसत होतं आणि छतावरचा पंखा.

६

रविवारी गॅरेज बंद असतं. ती किल्ली मागून घेऊन दुपारी एकटीच आली. जळलेला स्पंज खरवडून काढला, नवी वायर टाकली, पत्र्याच्या कडेवरून नेताना तिला जाड नळीत घातलं. फ्यूज पहिल्यांदा बसवला, बाकी सगळं नंतर. मग साधा आरसा काढून तोच आरसा पुन्हा लावला. लेक हसली असती. पण तो आरसा फेकायचा म्हणजे उपकाराच्या तोंडावर दार लावायचं, असं तिला वाटलं.

आता तपासणी. तिने मागच्या काचेवर आणि मागच्या दोन्ही दारांच्या काचांवर जाड कांबळी टाकली, म्हणजे मागून उजेडाचा कवडसाही यायला नको. चालवणाऱ्याच्या सीटवर बसली, चावी फिरवली, हात लांब करून अंगठा पुढच्या डोळ्यावर दाबला. आरसा स्वच्छच राहिला. मागे अंधार, बरोबर आहे.

"लाव," ती सवयीने म्हणाली.

आणि तेव्हा तिच्या लक्षात आलं की टॉर्च बांधायचा राहिला. समोरच्या काचेतून तिला तो दिसत होता, टेबलावर, पकडीच्या शेजारी, बंद.

तिने अंगठा काढला नाही. का ते तिला सांगता आलं नसतं. गॅरेजात पंखा बंद होता, रस्त्यावर कुणी नव्हतं, आणि तिला स्वतःचा श्वास ऐकू येत होता. नंतर असं लक्षात आलं की ऐकू येणारा प्रत्येक श्वास तिचा नव्हता.

मानेवर काटा उभा राहिला. दार हाताशी होतं, एक हिसका दिला असता तर ती बाहेर असती. ती हलली नाही. घसा साफ केला आणि चूक सुधारली.

"लावा, मिस्त्री."

मागच्या सीटची स्प्रिंग कुरकुरली. कुणी पुढे सरकून बसावं तशी.

आरशाच्या मधोमध एक पिवळा ठिपका उमटला, तिच्या त्या जुन्या टॉर्चचा असायचा तेवढाच, थोडा थरथरणारा. मग आरसा कडेकडून निळा पडला, काळा झाला, आणि ठिपका विझत चाललेल्या निखाऱ्याएवढा त्यात राहिला. ठिपक्याच्या मागे काहीतरी होतं. खांदा असेल. कांबळ्याची घडीही असेल.

ती वळली नाही. तिने टॉर्च नीट धरलाय की नाही हे बघायला तेही कधी वळले नव्हते.

"नीट चालतंय," ती म्हणाली. "त्या पट्टीच्या वेळचं बोलायचं राहून गेलं, मिस्त्री. आणि आताचंही. तुम्ही माझी भाकरी वाचवलीत, माझी पोर वाचवलीत. फार उपकार झाले. उद्यावर नाही टाकत, आजच सांगते."

ठिपका थरथरायचा थांबला.

अवघडेपर्यंत तिने अंगठा तसाच दाबून ठेवला. मग तिला हसू आलं, डोळे भरलेले असताना.

"बंद करा आता," ती म्हणाली. "सेल फुकटचे नाहीत."

मागे टक् असा आवाज झाला. टॉर्चच्या खटक्याचा. आरसा निवळू लागला, आणि या वेळी तिने डोळे मिटले नाहीत.